बांधावरच्या चाफ्याच्या फांद्या

धुळ्याहून साक्रीकडे जाणाऱ्या रस्त्यावर माझं सासर आहे. आम्ही दोघं नोकरीमुळे जळगावला राहिलो आणि गावाकडची शेती मोठे दीर आणि जाऊबाईंनी सांभाळली. दिरांना सगळे नाना म्हणतात, जाऊबाईंना अक्का. मीही तेच म्हणते. त्यांच्या शेताच्या मधल्या बांधावर एक चाफा होता. देवळापुढे असतो तो पांढरा, आतून पिवळसर, जाडजूड राखी फांद्यांचा. लग्नानंतर पहिल्यांदा शेतात गेले तेव्हा त्याखाली पडलेलं एक फूल मी केसांत माळायला उचललं, तर अक्कानं माझं मनगटच धरलं.

"तठलं फूल लेऊ नको," एवढंच ती म्हणाली.

मला वाटलं, असेल काहीतरी, सापाचं नाहीतर कुणाच्या नजरेचं. नव्या सुनेनं सगळंच विचारायचं नसतं. पुढे वर्षं गेली आणि विचारायचं राहूनच गेलं.

मी जळगावच्या एका कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवते. त्यामुळे आमच्या नात्यागोत्यात झाडांचं खातं माझ्याकडे. कुणाच्या लिंबाला फळ धरत नाही, कुणाच्या कढीपत्त्यावर पांढरे किडे पडले, की फोन मला. यंदा फाल्गुनात, गहू निघाल्यावर, अक्काचा फोन आला तेव्हा मला वाटलं असंच काहीतरी असेल.

"शनवारले ये," ती म्हणाली. "येकटीच ये."

एकटीच का, हे काही तिनं सांगितलं नाही. बसमध्ये एरंडोल गेलं, पारोळा गेलं, आणि माझ्या डोक्यात एकेक आजार येऊन जात होता. तिला काही गाठबीठ लागली असेल का, नानांना काही झालं असेल का, नवऱ्याला आणू नको म्हणजे काय समजायचं. घरी पोहोचले तर तिनं मला चहाही विचारला नाही. चपला घालून उभीच होती. तशीच शेतात घेऊन गेली.

शेत कापून मोकळं झालेलं. मधोमध तो चाफा, एकही पान नाही, नुसत्या फांद्या आणि टोकांना कळ्यांचे चार-दोन घोस. शेत सोलरवाल्यांना भाड्यानं द्यायचं ठरलं आहे, हे मला माहीत होतं. नाना आणि त्यांचे चुलतभाऊ, सगळ्यांनी मिळून दिलं होतं. बोअर आटली होती, नानांचे गुडघे गेले होते, मुलगा नाशिकला नोकरीत रमला होता. माझ्या नवऱ्यानंही संमतीची सही करून दिली होती. त्यात कुणाला वावगं वाटलं नव्हतं.

"त्या सोलरवाला झाड ठेवत नहीत," अक्का म्हणाली. "सावली पडस म्हंतस."

"अक्का, एक चाफा गेला तर..." मी बोलायला सुरुवात केली आणि तिच्या चेहऱ्याकडे पाहून थांबले.

ती बुंध्याशी खाली बसली. जमिनीवर तळहात टेकला.

"मनी पहिली पोर आठे शे." माझी पहिली मुलगी इथे आहे.

इतकी वर्षं मी तिच्या घरात सून म्हणून जात-येत होते, आणि नाशिकचा मुलगा हाच तिचा पहिला, असं समजत होते. त्याच्या आधी एक मुलगी झाली होती. बारशापर्यंतही ती राहिली नाही. नाव न ठेवताच गेली. एवढ्या लहान जिवाला जाळत नाहीत, म्हणून बांधावर पुरली. तिथून नांगर जाऊ नये म्हणून माझ्या सासऱ्यांनी देवळापुढच्या चाफ्याची एक फांदी मोडून आणून खुणेला खोचली होती. झाड व्हावं असं कुणाच्या मनात नव्हतं. ती आपली लागली आणि वाढली.

"खांब गाडतीन ना तठे?" अक्कानं विचारलं.

सोलरच्या प्लेटा लोखंडी खांबांवर उभ्या असतात, खांब जमिनीत खोल जातात, हे तिनं शेजारच्या शिवारात पाहिलं होतं. मी दुसरीकडे बघत राहिले.

"तू झाडेसनं शिकेल शे," ती उठत म्हणाली. "ह्यानी येखादी फांदी जगाड."

चाफ्याची फांदी लावणं म्हणजे आमच्या विषयात अगदी सोपं काम समजलं जातं. मी मुलांना दर वर्षी सांगते: झाड निष्पर्ण असताना हातभर लांबीची टोकाची फांदी घ्यायची, चीक गळून जाऊ द्यायचा, सावलीत ठेवून काप पूर्ण सुकू द्यायचा, मग वाळूमिश्रित मातीत लावायची आणि पाणी बेतानं. पण वर्गात फळ्यावर काढलेली फांदी जगली काय, मेली काय, कुणाचं काही बिघडत नाही. त्या दिवशी मी करवत लावली आणि पांढरा चीक धारेनं बांधावर पडायला लागला. अक्का पाठ करून उभी होती. सात-आठ चांगल्या फांद्या मी काढल्या.

निघताना तिनं एक कापडी पिशवी हातात दिली. आत माती होती.

"हाई माती बी लई जाय. हाईच मातीमां लाव."

मी पिशवीत हात घातला आणि मूठभर माती दाबून पाहिली. काळीभोर, चिकट, पाणी धरून ठेवणारी माती. कापसाला उत्तम. चाफ्याच्या कोवळ्या कापाला मात्र हिच्यासारखा घात नाही. हिच्यात लावलेली फांदी आधी खालून कुजते. बांधावरचं झाड उतारावर होतं, पाणी वाहून जायचं, म्हणून तगलं असेल. हे सगळं मला माहीत होतं आणि अक्काच्या चेहऱ्याकडे बघत मी म्हणाले, "हो."

परतीच्या बसमध्ये जुन्या लुगड्यात गुंडाळलेल्या फांद्या मांडीवर आडव्या घेऊन बसले. शेजारच्या बाईंनी विचारलं, "ऊस का हो ताई?" मी मान हलवली. हो की नाही, ते माझं मलाच कळलं नाही.

फांद्या मी जिन्याखालच्या सावलीत भिंतीला टेकवून ठेवल्या. रोज काप बघायचे. अक्काचा फोन रोज सकाळी यायचा, मी भाजी फोडणीला टाकत असताना.

"कशी शे ती?"

फांदीही स्त्रीलिंगी, हे मला ठाऊक आहे. तरी तिनं असं विचारलं की मी आधी गॅस बंद करायचे. "बरी आहे, सुकते आहे," मी सांगायचे.

काप खडखडीत वाळल्यावर गिरणा नदीची जाड वाळू चाळून घेतली, थोडं कोकोपीट घातलं, आणि मातीचं काय करायचं या विचारात पिशवी पुढ्यात घेऊन बसले. नवरा म्हणाला, "अगं, टाक ना एकेक चिमूट. तेवढ्यानं काय होतंय?" तशी मी प्रत्येक कुंडीत एकेक मूठ मिसळली. चिमटीपेक्षा जास्त, तिच्या मनापेक्षा कमी. एक फांदी मात्र पाण्याची मोठी पारदर्शक बाटली कापून तिच्यात लावली, मुळं फुटली तर बाहेरून दिसावीत म्हणून.

आणि मग जळगावचा उन्हाळा सुरू झाला. आमच्याकडे चैत्र-वैशाखात दुपारी अंगणात उभं राहवत नाही, नळाला हात लावला तरी चटका बसतो. मी हिरवी जाळी बांधली, कुंड्या सकाळी एका भिंतीला, दुपारी दुसऱ्या. पाणी घातलं तर कुजतील, नाही घातलं तर वाळतील. फांद्यांवर सुरकुत्या पडायला लागल्या. सुरकुत्या पडणं ठीक असतं, हे मी स्वतःलाच मोठ्यानं सांगायचे. अंगठ्यानं खोड दाबून बघायची सवयच लागली. हलवून बघायचं नाही, फुटत असलेलं मूळ मोडतं, हेही माहीत होतं. म्हणून नुसती दाबायचे. एके सकाळी एका फांदीत अंगठा किंचित आत गेला. पिकलेल्या केळ्यात जातो तसा. उपसली तर खाली काळा चिखल. दुसऱ्या आठवड्यात आणखी एक गेली. त्या मातीनं केलं, की माझ्या पाण्यानं, सांगता येत नव्हतं.

अक्काला मी सांगितलं. ती म्हणाली, "बाकीन्या शेतंस ना?" बाकीच्या आहेत ना.

आहेत म्हणाले.

त्याच सुमारास फैजपूरला माझ्या भाचीचं लग्न होतं. न जाऊन चालणार नव्हतं. निघताना शेजारच्या काकूंना घराची किल्ली दिली, मांजरीला दूध तेवढं घाला म्हणाले. कुंड्यांचं मी मुद्दामच काही बोलले नाही. पाणी नकोच होतं. केळीच्या बागांमधल्या त्या मांडवात मला एक घास गोड लागला नाही. वरात निघायच्या आधीच मी नवऱ्याला घेऊन घरी आले.

काकू दारातच भेटल्या. बिचाऱ्या घामाघूम झाल्या होत्या. "बरं झालं मी आले गं," त्या म्हणाल्या. "तुझ्या त्या काड्या पार वाळल्या होत्या. दोन्ही दिवस काठोकाठ पाणी घातलं बघ."

त्यांना काय बोलणार? त्यांनी मायेनं केलं होतं. मी "बरं केलंत काकू" म्हणाले आणि आत जाऊन पाटावर बसून राहिले. पुढच्या आठवड्यात एकामागून एक फांद्या खालून मऊ पडत गेल्या. शेवटी बाटलीतली तेवढी राहिली, तिलाही बुडाशी काळं धरलेलं दिसत होतं.

"हे बघ," नवरा म्हणाला, "माझ्या ओळखीच्या नर्सरीत चाफ्याची तयार रोपं आहेत. एक आणू. चाफा तो चाफाच. वहिनीला कशानं कळणार आहे?"

तो वाईट मनानं बोलत नव्हता. माझी झोप उडालेली त्याला दिसत होती. क्षणभर मला ते बरंही वाटलं. पण रोज सकाळी फोनवर "कशी शे ती" विचारल्यावर मी नर्सरीतल्या रोपाचं काय सांगणार होते? मी नको म्हणाले. बाटली आडवी करून वाळू ओतली, फांदी बाहेर काढली आणि धारदार सुरीनं खालून चकत्या काढत गेले. काळी, तपकिरी, मग डाग असलेली, मग आणखी एक. हातभर फांदी वीतभर उरली तेव्हा कुठे आतला भाग स्वच्छ पांढरा दिसला आणि चिकाचा थेंब आला. ती पुन्हा सावलीत वाळत ठेवली.

अक्काला फोनवर सांगायचं धाडस होईना, पण सांगितलं. दुसऱ्या दिवशी दुपारच्या उन्हात ती दारात उभी. पदर डोक्यावर ओढलेला, हातात भाकरीचं गाठोडं. आत आली, पाणीही न पिता जिन्याखाली गेली आणि त्या वीतभर तुकड्याकडे बघत उभी राहिली.

"यवढीशीच ऱ्हायनी," ती म्हणाली. एवढीशीच राहिली.

मग तिथेच पायरीवर बसून तिनं मला सांगितलं. पोरीला जन्मतःच दूध ओढता येत नव्हतं. कापसाच्या बोळ्यानं पाजायचे. रोज वाटायचं, आज जरा जास्त प्यायली. नानांनी तिला स्वतः उचलून बांधावर नेलं. अक्काला बाळंतिणीच्या खोलीतून उठू दिलं नाही. तेव्हापासून आजपर्यंत नाना त्या पोरीबद्दल एक शब्द बोलले नाहीत. आणि आता शेत देतानाही त्यांनी अक्काला विचारलं नव्हतं. ते ठरल्यापासून अक्कानं त्यांच्याशी बोलणं सोडलं होतं. ताट वाढायची, तेवढंच.

मी तिला खरं ते सांगितलं. म्हणाले, "अक्का, आता हिला मी नुसत्या वाळूत लावणार. ती माती घातली तर ही पण जाईल. रागावू नको."

मला वाटलं होतं ती रडेल. ती शांतपणे म्हणाली, "मंग टाकजो माती. पहिले मुळं फुटू दे."

ती गावी परतली आणि चार दिवसांत नानांचा फोन आला. हे नवलच होतं. आमच्याकडे मोठे दीर धाकट्या भावजयीशी थेट बोलत नाहीत. काही असलं तर नाना माझ्या नवऱ्याला फोन करतात. मी घाबरून उचलला.

"जळगावले पानी उनं का?" त्यांनी विचारलं.

नळाला पाणी आलं का, हे विचारायला फोन! मी म्हटलं, आलं नाना. मागे कुठेतरी यंत्राची घरघर ऐकू येत होती.

"झाड काढं आज," ते म्हणाले. "बठ्ठा बांध सपाट करा." मग पुढे, "खांब तठे नही पडना. मी उभा व्हतू. आखणीवालाले सांगं, ती जागा सोडी दे. त्यानी वळ सरकाडी लिधी."

म्हणजे झाड गेलं, सगळा बांध सपाट झाला, पण नाना दिवसभर तिथे उन्हात उभे राहिले होते, त्या गुडघ्यांनी. आणि त्या आखणीवाल्यानं खांबांची ओळ सरकवून घेतली होती.

"नाना, हे अक्काला सांगा ना."

"तू सांग," ते म्हणाले. मग अगदी हलक्या आवाजात, "त्या काड्यास्नं काय?"

मी एक उरली आहे म्हणाले. त्यांनी "बरं" म्हणून फोन ठेवला. मी लगेच अक्काला लावला. सगळं ऐकल्यावर तिनं खांबांचं काही विचारलंच नाही.

"त्या सोता उभा व्हतात?" तिनं विचारलं.

"हो अक्का, नाना स्वतःच. दिवसभर."

त्या दिवसानंतर मला रोज दोन फोन यायला लागले. सकाळी अक्काचा. आणि मध्येच केव्हातरी नानांचा, आधी पाण्याचं, मग केळीच्या भावाचं किंवा एसटीच्या वेळेचं काहीतरी विचारून, आणि शेवटी त्या काडीचं.

काप सुकल्यावर फांदी धुतलेल्या बाटलीत नुसत्या वाळूत लावली होती. ज्येष्ठ संपताना तिच्या टोकाला हिरवी चोच दिसली. मग दोन पानं उलगडली, नखाएवढी. माझ्याऐवजी दुसरं कुणी असतं तर पेढे वाटले असते. माझी काळजी उलट वाढली. चाफ्याचं खोड मांसल असतं. त्यात साठवलेल्या अन्नावर मुळं नसतानाही पानं फुटतात. आणि मग साठा संपला की एक दिवस सगळं लोळागोळा होतं. नवऱ्यानं फोटो काढून उत्साहानं गावाला पाठवला. अक्का फोनवर हसत होती. तिला हे सांगावं लागलं, तेव्हा तिचं हसू थांबलेलं मला ऐकू आलं.

"म्हंजे आझून काहीच नही?"

"अजून सांगता येत नाही, अक्का."

पाऊस लागल्यावर मी बाटली खिडकीच्या आत आणली. रोज वाळू बाहेरून न्याहाळायची. डोळ्यांना भास व्हायला लागले. शिंपल्याचा तुकडाही मूळ वाटायचा. श्रावणात एका रविवारी नाना आले. कुणाच्या तरी तेराव्याला पाचोऱ्याला जायचं होतं म्हणाले, वाटेत उतरलो. त्यांची आमच्याकडे यायची ती वाट नव्हती, पण मी काही बोलले नाही. चहा पिताना त्यांची नजर खिडकीकडेच. शेवटी उठले, चष्मा पुसला, बाटली दोन्ही हातांनी उचलली. मला ओरडावंसं वाटलं, हलवू नका. त्यांनी ती उजेडात धरली.

"हाई काय शे?"

बुडाशी, बाटलीला चिकटून, एक पांढरं मूळ उतरलं होतं. मक्याच्या कणसाच्या धाग्याएवढं बारीक, मग पुढे जाड. मी बघितलं, पुन्हा बघितलं, भिंग आणून बघितलं. शिंपला नव्हता. त्याच्या मागे दुसरंही होतं.

मी हो म्हणाले. नानांनी बाटली हळूच खाली ठेवली आणि खुर्चीत बसले. मग माझ्याकडे न बघता, बाहेर रस्त्याकडे बघत बोलले, "तिले मीच लई गयथू. काहीच वजन नव्हतं." मी आत जाऊन त्यांना अजून चहा टाकला. निघताना म्हणाले, अक्काला मी सांगतो.

तोवर कुंडीत हलवलेलं रोप दसऱ्यानंतर गावाला नेलं. मी म्हणत होते आणखी एक उन्हाळा कुंडीतच राहू द्या, पण त्या दोघांना धीर नव्हता. जागेवरून मात्र त्यांचं जुंपलं. नानांनी मोरीच्या पाण्याजवळ खड्डा घेतला होता, पाणी मिळेल म्हणून. मी म्हटलं, तिथे नक्की कुजेल. अक्का म्हणाली, दारासमोर. नाना म्हणाले, दारासमोर गाय बांधतो, ती खाईल. चाफा चिकाचा, गाय खात नाही, असं अक्का म्हणाली, आणि नाना म्हणाले, तुले काय ठाव, आणि किती तरी महिन्यांनी ती दोघं एकमेकांशी भांडत होती. शेवटी ओट्याच्या उंच बाजूला, जिथून पावसाचं पाणी उतरून जातं, तिथे लावलं. खड्ड्यात आधी वाळू, विटांचे तुकडे. मग अक्कानं उरलेल्या मातीची ती पिशवी उलटी केली. आता मी तिला अडवलं नाही.

मार्गशीर्षात एका सकाळी तिचा फोन आला. आवाज कापत होता. "पानं गळनात. बठ्ठा पानं गळनात वं." सगळी पानं गळाली.

"अक्का, थंडीत चाफ्याची पानं गळतातच."

"खरं सांगस ना?"

"खरं."

फोन ठेवला आणि मीच बसले विचार करत. पहिल्याच वर्षीची मुळं, गावाकडची थंडी, काळी माती. शास्त्राप्रमाणे पानं गळणं बरोबर होतं. पण मेलेल्या फांदीचीही पानं गळतातच. मी जाऊन अंगठ्यानं दाबून बघितलं असतं, पण परीक्षा तोंडावर होत्या. पौष गेला, माघ गेला. त्या दोघांचेही फोन कमी झाले. विचारायला भीत असावेत. मीही करायला भीत होते.

मग एका दुपारी मी वर्गात असताना मोबाईल थरथरला. नानांनी फोटो पाठवला होता. फोटो पाठवायला त्यांना नुकतंच नातवानं शिकवलं होतं. अर्ध्या फोटोत त्यांचा अंगठा, उरलेल्या अर्ध्यात ओट्याची भिंत आणि एक राखाडी काडी. टोकाशी काहीतरी हिरवं होतं, किंवा मागच्या भिंतीवरचं शेवाळ. मी तो फोटो मोठा करून बघितला, मुलं समोर बसलेली असताना. कळेना. वर्ग सुटल्यावर व्हरांड्यात येऊन फोन लावला.

अक्कानं उचलला. मागून नाना काहीतरी सांगत होते, ती त्यांना थांबा थांबा म्हणत होती.

"तीन कोंब शेतंस," ती मला म्हणाली. "दोन मी मोजात, ह्या म्हंतस तीन."